सुनेच्या सवतीचा टाक

बनुबाई खोटं बोलली नव्हती, आणि तिची खरी पंचाईत तीच होती.

साताऱ्यात अंकिताच्या घरी पोह्यांची बशी हातात घेऊन बसलेली असताना मुलीच्या वडलांनी सरळच विचारलं होतं, "मुलगा इतकी वर्षं अमेरिकेत आहे. तिकडं आधी लग्नबिग्न काही?" माणूस एसटीतून कंडक्टर म्हणून रिटायर झालेला, कुणाकडं तिकीट नाही ते तोंडावरून ओळखणारा. बनुबाईनं त्याच्या नजरेला नजर देऊन सांगितलं, "न्हाई वो. लगीन न्हाई न् काय न्हाई." शब्दाला शब्द खरं होतं. अमृतनं लग्न केलंच नव्हतं. तो मेगनबरोबर नुसता राहिला होता, चांगली पाच-सहा वर्षं.

हे नुसतं राहणं बनुबाईच्या डोक्यात कधी नीट बसलंच नाही. अमृतनं फोनवर पहिल्यांदा सांगितलं तेव्हा तो नवी गाडी घेतल्यासारखा सहज बोलत होता. "आई, मी आनी मेगन आता एकत्र राहतोय." तिनं विचारलं, "मंग लगीन कवा?" तर म्हणाला, "तसं काय ठरलं न्हाई. हितं त्येची गरज पडत न्हाई. तिच्या आईवडलांना म्हाईत हाय, ऑफिसात म्हाईत हाय, घर दोघांच्या नावावर हाय." चोरून केलेलं पाप बनुबाईला कळलं असतं, तिच्या कडेगावातही ते काही कमी होत नाही. पण आईबापांना सांगून, दारावर दोघांची नावं लावून, आणि तरी लग्न नाही, हे कुठल्या खणात ठेवायचं ते तिला कळेना. नवरा ज्ञानू, फौजेतून सुभेदार होऊन आलेला, सगळं ऐकून "हं" म्हणाला. तो सगळ्यालाच "हं" म्हणायचा. शेजारणींना बनुबाईनं सांगून टाकलं की तिकडं भाडी लय, म्हणून पोरानं रूममेट ठेवलाय.

मेगननं मात्र प्रयत्न केला होता. अमृतचा व्हिडिओ कॉल चालू असला की ती बाजूनं वाकून तोंड दाखवायची आणि कष्टानं शिकलेलं एक वाक्य म्हणायची, "आई, जेवलात का?" बनुबाई "व्हय" म्हणायची, फोन ज्ञानूच्या हातात द्यायची आणि गोठ्यात निघून जायची. गोठ्यात काम असो की नसो.

मग एका हिवाळ्यात बर्फावरून गाडी घसरली आणि मेगन गेली. अमृतचा फोन आला. त्याचा आवाज इतका सपाट होता की बनुबाईला आधी वाटलं, हा दुसऱ्याच कुणाबद्दल बोलतोय. तिनं त्याला धीर दिला, आई देते तसाच दिला. पण धीर द्यायच्या आधी तिच्या मनात एक शब्द आला होता, सुटलो. तो तिनं कुणाला सांगितला नाही. सुतक कुणी धरलं नाही. धरायचं तरी कुणाचं? त्या आठवड्यात संक्रांत होती, तिनं गल्लीभर तिळगूळ वाटला.

दीड वर्षानं अमृतचं लग्न झालं. सांगाल तिथं उभा राहतो, सांगाल त्याला हार घालतो, असं त्याचं चाललं होतं. तीन आठवडे राहून तो ओहायोला परत गेला आणि व्हिसा होईपर्यंत अंकिता कडेगावात सासरी राहिली.

पोरगी गुणाची होती. साताऱ्याच्या एमआयडीसीत एका कारखान्यात क्वालिटीला होती, त्यामुळं कुठं काय चुकतंय हे तिला झटकन दिसायचं. आल्या आल्या तिनं बनुबाईच्या गळ्यातल्या डोरल्याशेजारचा चांदीचा पातळ तुकडा हेरला. त्यावर ठशानं बाईची आकृती उठवलेली होती.

"हे काय, आत्या?" सासूला ती आत्या म्हणायची.

"माज्या सवतीचा टाक. ह्यांची पयली बायको. मेलेल्या सवतीला गळ्यात घालायचं, तिला मान द्यायचा. मंजी ती तरास देत न्हाई."

"आणि तुम्हाला द्यायची?"

"द्यायची की," बनुबाई म्हणाली आणि पुढं बोलली नाही. लग्नानंतर पहिल्या पावसाळ्यात ती अशी खंगली होती की माहेरच्यांनी ओळखलं नव्हतं. डोळा लागला की कुणीतरी अंथरुणाच्या कडेला येऊन बसायचं. सासूनं सोनाराकडून टाक करून आणला, सवतीचं नाव घेऊन गळ्यात घातला, आणि त्या दिवसापासून झोप लागली. आता ती सवत होती की एकोणीस वर्षांच्या पोरीची भीती, हे ज्यानं त्यानं आपापलं ठरवावं. बनुबाईला शंका नव्हती.

अंकिताच्या बाबतीत सुरुवात कपांपासून झाली. संध्याकाळी इकडं दिवे लागायच्या वेळी तिकडं सकाळ असते, तेव्हा अमृतचा फोन यायचा. एकदा फोन झाल्यावर अंकिता हसत बाहेर आली. "आत्या, ह्यांनी आज दोन कप कॉफी ओतली. मग एक परत भांड्यात ओतली. मी म्हटलं, माझी का? तर नुसते बघत बसले." बनुबाई भाकरी थापत होती, तिचा हात परातीतच थांबला. दुसऱ्या दिवशी पुन्हा दोन कप. मग अंकिता हसायची थांबली. तिनं बघून ठेवलं की अमृत पलंगाच्या एकाच बाजूला निजतो, दुसऱ्या बाजूची उशी कुणी डोकं ठेवत नाही तरी फुगवलेली असते, आणि बाहेर जाताना तो दारातून मागं वळून काहीतरी पुटपुटतो. घरात तर कुणी नाही.

मग तिचं जेवण तुटलं. अंगात कणकण राहायला लागली. कडेगावच्या डॉक्टरनं रक्त तपासलं, सगळं ठीक निघालं. एका दुपारी शेंगा फोडत बसल्या असताना ती खाली बघूनच म्हणाली, "आत्या, मला एक बाई दिसते. डोळा लागला की पलंगाच्या कडेला येऊन बसते. केस ओले असतात, टॉवेलनं पुसत असते. रागावलेली नसते. तिच्या जागेवर कुणी बसलंय आणि ते कधी उठतंय याची वाट बघत असते, असं वाटतं."

मेगन एकदा तशीच ओल्या केसांनी फोनवर आली होती. अंकितानं तिचा फोटोसुद्धा पाहिलेला नव्हता.

त्या दिवसापासून बनुबाईला सुख म्हणून राहिलं नाही. हे काय आहे आणि यावर उतारा काय, दोन्ही तिला माहीत होतं. पण टाक करायचा तो सवतीचा, आणि सवत म्हटली की ती नवऱ्याची बायको. साताऱ्यात त्या माणसाच्या डोळ्यांत बघून तिनं सांगितलं होतं की बायको नव्हती. आता टाक केला तर बायको होती असं होतं. अंकिता बॅग भरून बापाकडं निघून जाईल, फसवलं म्हणून चार माणसांत बभ्रा होईल, अमृत पुन्हा त्या दोन कपांपाशी एकटा. आणि नाही केला तर ही पोरगी जाऊन त्याच घरात, त्याच पलंगावर झोपणार. तिथं तिला कोण वाचवणार? बनुबाई गोठ्यात जाऊन म्हशीशी बोलू लागली, इतकी वेळ आली.

शेवटी तिनं मधला मार्ग काढला. असले मार्ग काढण्यात तिचा हात कुणी धरला नसता. कडेगावचा सोनार तोंडाचा फाटका, म्हणून ती विट्याला गेली. तिथल्या म्हाताऱ्या सोनारानं ठसे पुढं मांडले आणि विचारलं, "कुणाचा करायचा?"

देवीचा, असं सांगायचं ठरवून ती आली होती. पण सोनारानं देवीचा ठसा हातात घेतला आणि तिच्या तोंडून निघून गेलं, "देवीचा नगं. माज्या सुनंच्या सवतीचा."

सोनारानं वर पाहिलंसुद्धा नाही. "गळ्यात घालताना तिचं नाव घ्या," एवढंच म्हणाला. बनुबाईनं मात्र मागं वळून दुकानात आणखी कुणी नाही ना ते पाहिलं.

तरी घरी येऊन तिनं ठरल्याप्रमाणं नाटक केलं. काळ्या दोऱ्यात ओवलेला टाक अंकितापुढं धरला. "देवीचा हाय. घाल, बरं वाटंल."

अंकितानं तो तळहातावर घेतला, उलटा केला, सुलटा केला. मग सासूच्या गळ्याकडं पाहिलं. क्वालिटीतली पोरगी. "आत्या, ही देवी नाही. हा तुमच्यासारखाच आहे." आणि शांतपणे म्हणाली, "कोण होती ती?"

बनुबाईनं सगळं सांगितलं. सांगताना ती भिंतीकडं बघत होती. एकत्र राहणं, दारावरची दोन नावं, बर्फ, तिळगूळ, सगळं. "सुटलो" म्हटलेलं मात्र सांगता येईना. मग तेही सांगितलं. ती म्हणाली, "लगीन झालं न्हवतं, म्हणून मी न्हाई म्हनलं. मला वाटलं, जी बायकूच न्हवती ती सवत कशी हुईल? तुला जायाचं आसंल तर जा. मी तुज्या बापाच्या पाया पडून सांगंन, चूक माजी हाय. पर हे गळ्यात घालून जा. ती तुला झोपू द्यायची न्हाई."

अंकिताच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते तिनं पुसलंही नाही.

"दोन कप बघितले तेव्हाच मला कळलं होतं, कुणीतरी आहे," ती म्हणाली. "मला वाटलं, अजून आहे. जिवंत." तिनं टाक सासूच्या हातात परत ठेवला. "मी नाही घालणार."

"आगं पर..."

"माझी आणि तिची काय ओळख, आत्या? मी तिला कधी बघितलं नाही. जेवण तिच्याबरोबर ते जेवले, घर तिच्याबरोबर त्यांनी केलं. मग तिला गळ्यात मी का बांधायचं? त्यांच्या गळ्यात घाला."

"बाप्ये मान्सं घालत न्हाईत," बनुबाई म्हणाली.

"का?"

एवढ्या वर्षांत हे बनुबाईला कुणी विचारलं नव्हतं आणि तिनंही कुणाला विचारलं नव्हतं.

संध्याकाळी अमृतचा फोन आला तेव्हा अंकितानं टाक कॅमेऱ्यापुढं धरला. "ओळखता का? आत्यांनी मेगनचा केलाय," ती म्हणाली. अमृत हललाच नाही. मग त्याचं तोंड वेडंवाकडं झालं आणि तो रडायला लागला. अमृत सहावीत असताना झाडावरून पडून हात मोडला होता, तेव्हापासून बनुबाईनं त्याला रडताना ऐकलं नव्हतं. अंकितानं त्याला गप्प केलं नाही. थोड्या वेळानं म्हणाली, "हं, सांगा आता. कशी होती?" तो बोलू लागला. आधी अडखळत, मग थांबेचना.

मधेच अंकिताचा आवाज चढला. "मला का नाही सांगितलंत? तिचा फोटो आहे ना? तो आजच्या आज भिंतीवर लावा. भिंतीवर असलेल्या माणसाबरोबर मी राहीन. कपाटात लपवलेल्या माणसाबरोबर नाही राहणार. फोटो लावलेला मला दिसला, तर मी व्हिसाला जाईन. नाहीतर उद्या सकाळच्या गाडीनं साताऱ्याला." तिकडून खुर्ची ओढल्याचा, मग कपाट उघडल्याचा आवाज आला.

बनुबाई बाहेर पडवीत आली. ज्ञानू बाजेवर बसला होता. खोलीची खिडकी उघडी होती, म्हणजे त्यानं सगळं ऐकलं होतं. त्यानं "हं" म्हटलं नाही. बनुबाई त्याच्या पायाशी खाली बसली. आत अमृतचा आवाज चाललाच होता.

"हौसा बी लय बोलायची," ज्ञानू म्हणाला.

सवतीचं हे नाव बनुबाईनं सासूच्या तोंडून ऐकलं होतं. त्याच्या तोंडून आज पहिल्यांदाच.

"मी जम्मूला हुतो. तार आली, रजा मिळाली, मी पोचलो तवा राख बी सावडून झाली हुती. दहावं कुणी केलं, कुठं केलं, मला काय बी म्हाईत न्हाई. आई म्हनली, रडत बसू नगंस, फुडच्या रजंत तुजं लगीन करतो." तो थांबला. "तिच्यासाठी शाल आनली हुती. लाल, काठाला जरीचं काम. ट्रंकंत तशीच पडून हुती. मंग लग्नात तुला दिली."

ती शाल बनुबाईनं प्रत्येक लग्नाला, प्रत्येक ओटीभरणाला अंगावर घेतली होती. ह्यांनी जम्मूवरनं माझ्यासाठी आणली, असं बायकांना दहादा सांगितलं होतं. तिला राग यायला हवा होता. राग आला नाही. जिला ती आजवर नुसती भीत आली, त्या बाईचं तिला मनापासून वाईट वाटलं, आणि शेजारी बसलेल्या या मुक्या माणसाचंही.

"तिची हुती तर सांगायचं न्हाई का," ती म्हणाली.

"सांगून काय केलं आसतंस?"

"काय म्हाईत. पर सांगायचं."