चटईवाल्याचा चेहरा

चौकटीतून टेबलाचं लाकूड दिसत होतं, आणि त्या लाकडावर अर्धं सोललेलं संत्रं. चौकट काळी, बोटभर रुंद. वरच्या कोपऱ्यांवरून खाली उतरणारी काळी फीत अजून नीट टाचलेली नव्हती, तिचं एक टोक संत्र्याच्या सालीवर पडलं होतं. गेन्जिरोला वाटलं, हे असंच ठेवलं तर? माणसाच्या जागी संत्रं. लोक समोर बसतील, उदबत्ती लावतील, वाकून नमस्कार करतील, आणि संत्रं आपलं निवांत... त्याला हसू आलं. तेवढ्यात कॅमेऱ्यामागून फोटो काढणारा नान्बू ओरडला, "हां काका, हेच हसू! धरा, धरा!" आणि धरायला गेल्याबरोबर ते गेलं.

"गेलं," गेन्जिरो म्हणाला.

"दिसलं मला. किती फोटो झाले माहितेय? एकतीस."

एकतीस फोटो, आणि एकतीसही सौम्य हसण्याचे. स्टुडिओनं दिलेल्या भूमिकेच्या कागदावर तेवढंच लिहिलं होतं : मृत पती, वय साठ, तातामीच्या चटया बनवणारा, चेहरा सौम्य. मात्र कागदाच्या वरच्या ओळीत त्या माणसाचं नाव होतं, योशिहारा कानेसुके, आणि त्या नावाकडे गेन्जिरो आठवडाभर पाहत आला होता. बेचाळीस वर्षं तो उझुमासाच्या या एकाच स्टुडिओत काम करत होता आणि त्याच्या माणसांना नावं नसत. हवालदार दुसरा. होडीवाला. डावीकडून तिसरा. मुके चित्रपट होते तेव्हा तो घोड्यांमागून धावला, बोलपट आले तेव्हा "आले, आले!" एवढं ओरडला, युद्धानंतर तलवारींच्या चित्रपटांना बंदी झाली तेव्हा कोट घालून पोस्टमन झाला, आणि बंदी उठल्यावर पुन्हा घोड्यांमागे, आता जरा दमाने. आणि आज हा कानेसुके. सगळा चित्रपट याच्याभोवती फिरणार, घरातली माणसं याच्यावरून भांडणार, रडणार... आणि हा पहिल्या दृश्याच्या आधीच मेलेला. बोलायचं नाही, चालायचं नाही. एक चेहरा, तोही हलणार नाही असा.

"हा कशानं गेला?" गेन्जिरोनं विचारलं.

"हृदय, बहुतेक."

"जेवणाआधी की जेवणानंतर?"

"अहो काका, मेलेल्याला काय फरक पडतो?"

"मेलेल्याला नाही. चेहऱ्याला पडतो."

नान्बू संत्र्याची एक फोड तोंडात टाकून हसला. पण गेन्जिरो थट्टा करत नव्हता. होडीवाल्याचं काम असलं की तो दोन दिवस आधी मनातल्या मनात त्याचं घर बांधायचा. याची बायको भात कच्चा ठेवते, याला पोहता येत नाही, ही होडी खरं तर भावाची आहे... यातलं काहीच पडद्यावर दिसायचं नाही, होडीवाल्याची तर बहुधा पाठच दिसायची. पण घर असल्याशिवाय मला उभंच राहता येत नाही, त्याला मी काय करू? आणि या कानेसुकेचं घर आठ दिवसांत बांधून झालं नव्हतं. कोपरानं चटई दाबून दाबून त्याचं उजवं कोपर टणक झालं असेल, इतकंच काय ते सापडलं होतं, आणि कोपर काही फोटोत येणार नव्हतं.

मग दार सरकलं आणि युकिएबाई आत आल्या. या चित्रपटाच्या नायिका, कानेसुकेची विधवा. गेल्या वीस वर्षांत गेन्जिरोनं त्यांना सतरा वेळा वाकून नमस्कार केला असेल, सगळे पडद्यावर. आज त्याच त्याच्यासमोर वाकल्या.

"शिओमीसान, त्रास देते. तीन दिवस मला तुमच्यासमोर बसून बोलायचंय. म्हटलं, एकदा तोंडओळख असावी."

"नवराबायकोची," नान्बू म्हणाला.

"गप रे. शिओमीसान, माझं एक वाक्य आहे, त्यावर माझं सगळं अडलंय. फोटोकडे बघून म्हणायचं : 'तुम्ही मला एकदाही सांगितलं नाहीत.' काय सांगितलं नाही, ते लिहिणाऱ्याला विचारलं. म्हणाला, ठरवलेलं नाही." त्या त्याच्यासमोर स्टुलावर बसल्या. साठीला आलेली बाई, रंग न लावलेला चेहरा, आणि डोळ्यांत पहिल्या दिवशी शाळेत आलेल्या मुलीसारखं कुतूहल. "तुम्ही तरी सांगा. काय सांगितलं नाहीत मला?"

गेन्जिरोनं त्यांच्याकडे पाहिलं, आणि...

खटका वाजला. "बत्तीस," नान्बू हळूच म्हणाला.

*

स्टुडिओच्या फाटकासमोरच्या दुकानात त्याची बायको तोमे आधीच येऊन बसली होती. मेलेल्याचं काम केलं की स्टुडिओ अशुभ उतरवायला चिमूटभर मीठ आणि एक छोटं पाकीट देतो, आणि पाकिटातले पैसे उंबरा ओलांडून घरात न्यायचे नसतात, वाटेतच खाऊन संपवायचे असतात. आतापर्यंत गेन्जिरो तलवारीनं नऊ वेळा मेला होता, आणि नऊही वेळा दोघांनी इथंच बसून नूडल्स खाल्ल्या होत्या. तोमे त्याच स्टुडिओत केसांच्या टोपांच्या खोलीत निवृत्त होईपर्यंत तीस वर्षं होती. नटाच्या डोक्याला तांब्याचा पत्रा ठोकून ठोकून बसवायचा, मग त्यावर केस. चेहरा रंगवता येतो, पण डोक्याचं माप खोटं बोलत नाही, असं ती म्हणायची.

"बघू," ती म्हणाली. "कसं मारलंय तुम्हाला."

नान्बूनं दोन फोटो धुऊन दिले होते. दिग्दर्शक कुबोतांनी बत्तिसावा पाहिला आणि उजेडात नेऊन पुन्हा पाहिला. मग म्हणाले, शिओमीसान, हा असला तर मी पहिलं आख्खं मिनिट फक्त हाच दाखवीन. तरी घरी विचारा. अशा फोटोचं घरच्यांना विचारलेलं बरं. उद्या सकाळी सांगा.

एक आख्खं मिनिट! बेचाळीस वर्षांतली सगळी दृश्यं एकाला एक जोडली तरी त्याचा चेहरा एवढा वेळ पडद्यावर आला नसेल.

तोमेनं हात पुसले. अठरावा फोटो, सौम्य हसणारा, तिनं पाहिला आणि बाजूला ठेवला. "हा औषधाच्या जाहिरातीला चालेल." मग दुसरा घेतला. चष्मा वर केला, पुन्हा खाली घेतला. समोरच्या वाडग्यातली वाफ विरळ होत गेली.

"हा द्यायचा नाही," ती म्हणाली.

"का? वाईट आलाय?"

"चांगला आलाय. म्हणून तर. हा माझा आहे."

"तुझा म्हणजे?"

"म्हणजे तुम्ही गेल्यावर मला हा हवाय, घरात. आणि दुसरी बाई तीन दिवस ज्याच्यासमोर बसून रडली, तो फोटो मी माझ्या घरात कसा लावू? चटईवाल्याच्या नावाच्या उदबत्त्यांचा धूर खाल्लेला?"

"अगं, फोटो काय, नान्बू शंभर काढून देईल."

"फोटो शंभर निघतील हो. हा चेहरा तुम्ही किती वेळा केलाय? मी दोनदा पाहिलाय."

"कधी?"

तोमेनं वाडगा त्याच्याकडे सरकवला. खा, गार होतंय, एवढंच म्हणाली.

त्यानं फोटो आपल्याकडे वळवला. माणूस ओळखीचा होता, पण कुठं काम करतो ते आठवत नाही, असं काहीतरी. ओठ किंचित उघडे. डोळे समोर आणि तरीही... आत. हसू नाही, दुःख नाही. काहीतरी हाताला लागतंय लागतंय अशा क्षणी अंधाऱ्या कपाटात हात घातलेला माणूस जसा दिसेल तसा. मी तर काहीच केलं नव्हतं. त्या बाईनं विचारलं आणि मला खरोखरच जाणून घ्यावंसं वाटलं. कानेसुकेनं काय सांगितलं नाही? मग कानेसुके बाजूला झाला आणि... मग खटका वाजला.

"त्या बाईनं काहीतरी विचारलं असणार," तोमे म्हणाली. तिला नेहमीच कळायचं.

त्यानं सांगितलं.

"मग? काय आठवलं तुम्हाला?"

हा प्रश्न तिनं नूडल्स उचलता उचलता, इकडचं तिकडचं विचारल्यासारखा विचारला. पण तिच्या काड्या वाडग्याच्या काठावर थांबल्या होत्या. गेन्जिरोला एकदम वाटलं, आता सांगून टाकावं. तेहेतीस वर्षं झाली. पाकीट समोर आहे, मीठ खिशात आहे, आपण आज मेलेलेच आहोत.

"एक पत्र आलं होतं," तो म्हणाला. "तोक्योहून. बोलपट नवे होते तेव्हा. मोठं काम होतं, नायकाच्या भावाचं. तुला सांगितलं की त्यांनी नाही म्हटलं. त्यांनी नव्हतं म्हटलं, मी म्हटलं. तुला तेव्हा टोपांच्या खोलीत खिडकीजवळची बैठक नुकतीच मिळाली होती आणि... खरं सांगायचं तर आवाजाचीही भीती होती. माझ्या गावाकडच्या बोलीला तिथं हसले असते. पत्र मी..."

"न्हाणीच्या चुलीत घातलंत."

त्यानं काड्या खाली ठेवल्या.

"अर्धंच जळलं होतं," तोमे म्हणाली. "लाकडं ओली होती त्या आठवड्यात. दुसऱ्या दिवशी राख काढताना सापडलं. 'तोक्यो' आणि 'भाऊ' एवढं वाचता आलं. बाकी मला काय, अंदाज करता येतो."

"आणि तू इतकी वर्षं..."

"तुम्ही सांगाल म्हणून थांबले. मग थांबायची सवय झाली." तिनं रस्सा भुरकून प्यायला. "आवाजाचं मात्र माहीत नव्हतं. मला वाटलं, सगळं माझ्या खिडकीसाठीच. उगाच तीस वर्षं गोड बोलले."

तो हसला, तीही हसली, आणि दुकानदारीण वळून पाहायला लागली. छातीवरचं केवढं तरी ओझं आपण जन्मभर वाहिलं आणि समोरच्याला ते आधीपासून पाठ! गेन्जिरोला हलकं वाटायला हवं होतं. वाटलंही. पण हसू ओसरलं तशी फोटोतली नजर पुन्हा वर आली, आणि त्याच्या ध्यानात आलं — पत्र त्याला आत्ता आठवलं होतं, इथं, नूडल्सच्या वाफेत. तेव्हा नाही. स्टुलावर बसलेल्या त्या बाईकडे पाहताना पत्राचा विचारसुद्धा मनात नव्हता.

"तोमे," तो म्हणाला. "ते पत्र नव्हतं."

"मलाही तेच वाटलं," ती म्हणाली. "पत्राचा चेहरा मला माहितेय. तो वेगळा."

*

आराशियामाकडे जाणारी छोटी ट्राम दुपारी रिकामी असते. दोघं शेजारी बसली. पाकीट रिकामं करून तोमेनं त्याची घडी दुकानातच चुलीत टाकली होती. फोटोंचं जाड पाकीट गेन्जिरोच्या मांडीवर होतं, आणि दोहोंपैकी कुठला द्यायचा हे दोघांनी पुन्हा काढलं नव्हतं. उद्या सकाळी कुबोता विचारतील. अठरावा द्यायचा, तर बेचाळीस वर्षांतलं ते एक मिनिट जाईल. बत्तिसावा द्यायचा, तर... तर तोमे काही बोलणार नाही. ती थांबेल. तिला थांबायची सवय आहे.

पण त्याचं मन पुन्हा पुन्हा दुसरीकडेच जात होतं. मग ते काय होतं? लहानपणी हरवलेली वस्तू शोधावी तसा तो मागं मागं गेला : पत्राच्या अलीकडे, पलीकडे, घोड्यांची धूळ, टोपांच्या खोलीतला तेलाचा आणि मेणाचा वास, तोमे पहिल्यांदा त्याच्या कपाळावर तांब्याचा पत्रा टेकवून म्हणाली होती, हलू नका, आणि तेव्हा त्याला तिला काहीतरी विचारायचं होतं... की सांगायचं होतं? ते अगदी साधं होतं. इतकं साधं, की राहून गेलं. जवळ आलं, जवळ आलं... ट्रामनं वळण घेतलं आणि उन्हाची पट्टी त्याच्या गुडघ्यांवरून सरकून गेली.

"आला बघा," तोमे म्हणाली.

"कोण?"

"तोच, फोटोतला. तिसऱ्यांदा."

समोरच्या काचेत दोघांची प्रतिबिंबं असणार हे त्याला माहीत होतं. आयुष्यभर काच दिसली की मान आपोआप वळायची. आत्ताही ती वळायला निघाली, अर्ध्यावर आली. कसा दिसतो तो? नीट पाहून घेतला तर उद्या पुन्हाही करता येईल, आणि मग कुबोतांना एक, तोमेला एक... मान तिथंच थांबली. पाहिलं तर तो जाईल, सकाळच्या हसण्यासारखा. आणि तो गेला तर त्याच्यामागं जे आहे तेही.

त्यानं नजर मांडीवरच्या पाकिटावर ठेवली आणि पुन्हा आत हात घातला. कपाळाला तांब्याचा गार स्पर्श. हलू नका, असं म्हणणारी बावीस वर्षांची मुलगी. आणि मी, न हलता, काय...

"आपलं स्टेशन येतंय," तोमे म्हणाली.

"थांब," तो म्हणाला. "थोडं थांब."

ती उठली नाही.