शेवटपर्यंत पाहिलेलं

"तक्रार करायची तर आधी व्हिडिओ उघडावा लागतो, अण्णा," मोबाइल दुरुस्तीवाला रणजीत म्हणाला. "आणि उघडला की बघणाऱ्यांत तुमचीही भर."

गुरुदत्तांनी पुढे केलेला हात मागे घेतला. चामराजपेटेत पुस्तकं बांधण्यात त्यांचा जन्म गेला होता. मोबाइलच्या या काचेपुढे मात्र बोटं बावरत. मंगळवारी ते खळ आणायला गेले, बाहेरून कडी घालायची विसरले, आणि त्यांची थोरली बहीण पद्मावतीअक्का न्हाणीतून तशीच, ओल्या परकरात, बसथांब्यावर जाऊन उभी राहिली. तिला अलीकडे काही आठवत नसे. एके काळी शाळेत गणित शिकवलेली बाई. कुणीतरी मोबाइल रोखला. वर हसण्याचे आवाज जोडले. आतापर्यंत दोन लाख लोकांनी पाहिलं होतं.

"पण का बघतात रे?"

"राग धरू नका. मीपण शेवटपर्यंत पाहिला. चांगलं काही आलं की अंगठा पुढं सरकतो. असलं आलं की थांबतो. मला विचाराल तर मलाच कळत नाही."

गुरुदत्त रागावू शकले नाहीत. येलहंक्याच्या रेल्वे रुळांवर पडलेल्या कुणा अनोळखी माणसाला मागच्याच महिन्यात त्यांनी मोबाइलवर तीनदा पाहिलं होतं. तिसऱ्यांदा तर चष्मा पुसून.

शेवटी रणजीतनंच तक्रार नोंदवली. लगेच उत्तर आलं. नियमभंग आढळला नाही.

"सरी, ठीक आहे, उद्या परत करू," रणजीत म्हणाला. "उद्यापर्यंत लोकांना दुसरं काहीतरी मिळेल बघा."

घरी आल्यावर गुरुदत्तांना राहवेना. व्हिडिओ काढून टाकला असेल का? पाहायचं तर उघडायलाच हवं. त्यांनी उघडला, आणि बंद करायला बोट उचलेना.

"काय बघतोस, दत्तू?" अक्का शेजारी येऊन टेकली. त्यांनी लपवायच्या आत ती वाकली होती. "कुणाची रे ही म्हातारी?"

तिनं डोळे बारीक केले.

"एवढी माणसं नुसती हसताहेत. अंगावर काही टाकायचं कुणालाच सुचेना?"

तिनं खांद्यावरून आपला पदर ओढून काढला, मोबाइलवर पसरला आणि दोन्ही हातांनी काठ दाबून धरले. लुगड्याखालून हसणं ऐकू येत राहिलं.