टोकाचा वेल

बंकटरावांनी मंगळवारी सकाळी वेल उपटला. त्याला चौदा शेंगा होत्या, हे रतनबाईंनी नंतर सांगितलं.

तलवाड्याची शेती मुलाकडे सोपवून दोघं गेवराईला रो-हाऊसमध्ये राहायला आली होती. मागे बागेची जागा अकरा फूट रुंद, साठ फूट लांब. टोकाच्या तारेवर रतनबाईंनी चकलांब्याचा, माहेरचा काळा वाल चढवला होता. आईकडून आलेलं हे बी त्या दरवर्षी धरत. यंदा डब्यातल्या बियांना भुंगे लागले. सातच धड निघाल्या, त्या सातही पेरल्या; वेल एकच आला.

लेकीच्या बाळंतपणासाठी त्या पंधरा दिवस बीडला गेल्या. तेवढ्यात बंकटरावांनी बाग नव्याने मांडली. जागेचे तीन भाग, मधून फरशीची वळणदार वाट, टोकाला बाक. वेलाची पानं झडली होती. तो केरासोबत जाळला.

शेजारचे सुग्रीव भिंतीवरून डोकावले. “आधी ही लांबोडकी जागा नुसती एसटी दिसायची. आता सीटबी बसवलं, फक्त कंडक्टर ठेवा.”

“कंडक्टर परवा येतीय,” बंकटराव हसले.

रतनबाई आल्या. वाटेवरून सावकाश चालल्या. “लई झाक केलंय,” म्हणाल्या. बाकापाशी थांबल्या.

“अवो, वेल कुठं हाय?”

“वाळला होता. काढला.”

“बियाला धरला होता. वाळणारच की.”

“मग सांगून कावून न्हाई गेलीस?”

“चाळीस वर्षं शेती केली तुमी. तुमाला काय सांगायचं?”

चाळीस वर्षं बंकटरावांनी दुकानातल्या बियाण्याच्या पिशव्या फोडून पेरलं होतं. घरचं बी आधी त्यांच्या आईच्या आणि मग रतनबाईंच्या डब्यात असे. त्यांनी त्याची फक्त उसळ खाल्ली होती.

दुसऱ्या दिवशी ते काळ्या वालाचं बी मागायला चकलांब्याला गेले. मेहुण्याची बायको म्हणाली, “दाजी, आमचं कवाच संपलं. यंदा वन्संकडंच मागणार होतो.”

येताना त्यांनी गेवराईच्या दुकानातून वालाचं पाकीट आणलं. पावसाळ्यात रतनबाईंनी ते बाकामागे पेरलं. वेल चांगला आला. हिवाळ्यात त्या रोज सकाळी कोवळ्या शेंगा तोडायच्या. एकही मागे ठेवायच्या नाहीत.

“चार बियाला राहू दे की,” बंकटराव एकदा म्हणाले.

“दुकानात मिळतंय की,” त्या म्हणाल्या आणि हाताशी आलेली शेंग त्यांनी तोडली.