लोकवस्ती : निरंक

मागच्या वर्षीचा कागद समोर ठेवायचा, तारीख बदलायची आणि खाली सही ठोकायची. कचेऱ्यांमधलं निम्मं काम असंच चालतं, हे तुम्हालाही ठाऊक आहे आणि मलाही. आपण त्यावर हसतो, चरफडतो आणि सोडून देतो. पण अशाच एका सहीमुळे एकसष्ट घरं पुसली जायची वेळ आली होती. त्याची ही हकिगत.

वन खात्याच्या कचेरीत एक मोजणीदार होते. आलेली फाइल ते संध्याकाळपर्यंत टेबलावर राहू देत नसत, म्हणून सगळे त्यांना फटाफटराव म्हणत. माणूस वाईट नव्हता हो! लाच कधी घेतली नाही, आल्यागेल्यावर कधी खेकसले नाहीत. दोष एकच. ज्या जमिनीबद्दल ते लिहायचे, ती जमीन पाहायला जात नसत. गुडघे दुखायचे, होडीत बसलं की मळमळायचं, आणि आता तर उपग्रहाचे फोटो घरबसल्या संगणकावर दिसत होते. मग चिखल तुडवायचा कशाला?

नदीपलीकडे बारमाही पावसाचं दाट वर्षावन होतं. त्यातला चौदा नंबरचा पट्टा तोडून तिथे एकाच जातीच्या झाडांची लागवड करायची, असं वरून ठरलं होतं. मोजणीदाराने फक्त एक तक्ता भरायचा होता. फटाफटरावांनी फोटो पाहिला. हिरव्याला हिरवं चिकटलेलं, बाकी काही नाही. 'लोकवस्ती' या रकान्यात मागच्या तक्त्यात होतं तेच त्यांनी लिहिलं : निरंक. सही केली. तीन मिनिटं लागली.

त्यानंतर दोन महिन्यांनी, एका गुरुवारी सकाळी, कचेरीच्या दारात एक म्हातारी येऊन उभी राहिली. चपला चिखलाने माखलेल्या, पाठीवर वेताची रिकामी टोपली आणि हातात चार घड्या घातलेला कागद.

"साहेब, एक शब्द विचारायचा होता."

"अर्ज असेल तर पलीकडच्या खिडकीत द्या, आजी."

"अर्ज नाही. शब्दच विचारायचाय. निरंक म्हणजे काय हो?"

फटाफटरावांना हसू आलं. "निरंक म्हणजे काही नाही. शून्य."

"असं होय." म्हातारीने कागद उलगडून टेबलावर ठेवला. "आमच्या झाडांवर लाल फुल्या मारायला माणसं आली होती. त्यांच्याकडून नातीने हा मागून घेतला. शाळेत जाते ती, तिने वाचून दाखवलं. लोकवस्ती निरंक. सोमवारी सात वाजता मशीन येणार म्हणतात. मग साहेब, मी कोण?"

फटाफटरावांनी कागद पाहिला. त्यांच्याच तक्त्याची प्रत होती.

"आजी, तुमचा काहीतरी घोटाळा होतोय. चौदा नंबरच्या पट्ट्यात कुणी राहत नाही."

"मी राहते."

"अहो पण हे बघा ना!" त्यांनी संगणकाचा पडदा तिच्याकडे वळवला. तिने अगदी नाक लावून पाहिलं.

"हे कुठून काढलंय?"

"वरून. आकाशातून."

"मग कसे दिसणार आम्ही? घरं झाडांखाली आहेत." तिने पडद्यावर बोट ठेवलं. "आम्ही झाडं पाडून मैदान केलं असतं, तर दिसलो असतो ना तुम्हाला? झाडं राखली, ही आमची चूक झाली का?"

फटाफटरावांनी पडदा पुन्हा आपल्याकडे वळवला.

म्हातारी खाली वाकली आणि टेबलाखालची रद्दीची टोपली तिने बाहेर ओढली. "ही माझ्या हातची. काठाला दुहेरी वळ आहे ना, तो आमच्याच वस्तीत घालतात. येताना तुमच्या कचेरीत अशा पाच मोजल्या मी. टोपल्या पोचल्या इथपर्यंत, माणसं तेवढी पोचली नाहीत!" आणि मग अगदी शांतपणे म्हणाली, "तुम्ही एकदा येऊन बघा. कुणी दिसलं नाही, तर लिहिलंय ते राहू द्या."

याला नाही कसं म्हणणार? शुक्रवारी पहाटे फटाफटराव होडीत बसले. दोन तास म्हातारी वल्हवत होती आणि हे काठ घट्ट धरून, डोळे मिटून, पोटातलं पोटात ठेवायचा प्रयत्न करत होते. पुढे तासभर चाल. मुळांच्या पायऱ्या, गुडघाभर पाचोळा, वरून थेंब थेंब गळणारं पाणी. पहिला अर्धा तास त्यांना झाडांशिवाय काही दिसलं नाही. मनात आलंही, की बघा, मी बरोबरच लिहिलं होतं!

"आता उजवीकडे बघा," म्हातारी म्हणाली.

उजवीकडे लाकडी खांबांवर उभं एक घर होतं. पानांचं छप्पर, छपरातून झिरपणारा धूर, शिडीवर बसून केस विंचरणारी मुलगी. त्याच्या मागे दुसरं घर, ओढ्याच्या वळणावर तिसरं. एकदा नजर बसली आणि घरंच घरं दिसू लागली.

फटाफटरावांनी पिशवीतून कोरा तक्ता काढला आणि पहिल्या शिडीशी उभे राहिले. "घर क्रमांक एक. किती माणसं?"

दिवसभर ते लिहीत होते. लिहिता लिहिता बघतही होते. डिंक काढणारा एक माणूस झाडाला दोनच खाचा देऊन खाली उतरला. तिसरी का नाही, असं विचारल्यावर तो म्हणाला, "दोन खाचा भरायला झाडाला तीन वर्षं लागतात. तिसरी दिली तर झाड वाळेल, मग माझा मुलगा काय काढेल?" मधाच्या पोळ्याचा एक भाग माश्यांसाठी ठेवलेला होता. झऱ्याच्या तोंडाशी दोन बायका पाला काढत होत्या.

"दर आठवड्याला एका घराची पाळी असते," म्हातारीने सांगितलं. "इथलंच पाणी खाली जातं. तुमच्या नळाला येतं ते हेच."

फटाफटराव चमकले. गेल्या वर्षी नदीकाठची एक टेकडी साफ केली, तेव्हा महिनाभर शहरात नळाला गढूळ पाणी येत होतं. बायको फडकं चौपदरी करून पाणी गाळायची आणि ते पाणीपुरवठ्याच्या लोकांना शिव्या द्यायचे. त्या टेकडीचा तक्ताही त्यांनीच भरला होता!

शेवटच्या घरातून एक बाई लगबगीने बाहेर आली. "साहेब, सोमवारी मशीन आलं तर माझ्या सुनेला कुठे हलवू? बाळंत होऊन आज तिसरा दिवस आहे तिला."

फटाफटरावांनी पेन उचललं. "बाळाचं नाव?"

"अजून ठेवलं नाही."

त्यांनी लिहिलं : तीन दिवसांचं बाळ. मग बेरीज केली. घरं एकसष्ट, माणसं दोनशे अठ्ठ्याऐंशी. एका मोठ्या मुळावर ते मटकन बसले. अरे देवा! तीन मिनिटांत मी काय करून बसलो!

"आजी," ते कसेबसे म्हणाले, "त्या कागदावरची सही माझी आहे."

"ठाऊक आहे. नात सहीखालचं नावही वाचते."

"मग मला काही बोलला का नाहीत?"

"भांडायला आले असते, तर होडीत बसला असतात का तुम्ही?" म्हातारी हसली. "तुम्ही वाईट नाही हो. फक्त आला नव्हता."

घरी पोचेपर्यंत संध्याकाळ झाली होती. बायको शिलाई मशीनवर कुणाची तरी बाही जोडत होती. त्यांनी चपलाही न काढता सगळं सांगून टाकलं. शेवटी म्हणाले, "स्वतःचीच सही खोटी होती म्हणून लिहून द्यायचं म्हणजे चौकशी. नोकरीवरसुद्धा येऊ शकतं."

तिने दाताने दोरा तोडला. "माझ्याकडून माप चुकलं तर मी शिवण उसवते. गिऱ्हाइकाला म्हणत नाही, की तुमचा दंड कापून घ्या."

बस्स, एवढंच बोलली ती. पण शनिवारी सकाळी फटाफटराव मोठ्या साहेबांच्या खोलीत जाऊन उभे राहिले, ते याच बळावर.

"आता?" मोठे साहेब उखडले. "परवा काम सुरू व्हायचंय आणि तुम्ही आता सांगताय? ही सही तुमचीच ना?"

"सही माझीच, साहेब. चूकही माझीच. मी तिथे गेलो नव्हतो. काल गेलो." त्यांनी नवा तक्ता पुढे ठेवला. "जिथे माणसं राहतात, तिथे त्यांचं म्हणणं ऐकल्याशिवाय एक झाडही तोडता येत नाही, हा आपलाच नियम आहे. माझ्यावर काय कारवाई करायची ती करा, पण काम थांबवा."

मोठे साहेब पानं उलटू लागले. शेवटच्या पानावर त्यांचं बोट थांबलं. "हे काय? नावाच्या जागी तीन दिवसांचं बाळ?"

"अजून नाव ठेवायचंय त्याचं."

साहेबांनी चष्मा काढला. मग म्हणाले, "तुमच्या सहीवर विसंबून मी सही केली. माझ्या सहीवर विसंबून वरच्यांनी. एवढ्या सह्या झाल्या आणि तिथे कुणी गेलंच नाही!" आणि त्यांनी फोन उचलला.

तो दिवस आणि रविवारही फोनाफोनीत गेला. रविवारी संध्याकाळी स्थगितीचा आदेश हातात पडला, पण जंगलात फोन लागत नव्हता. सोमवारी पहाटे साडेचारलाच फटाफटराव एका नावाड्याबरोबर पुन्हा होडीत बसले. या वेळी एक वल्हं त्यांच्याच हातात होतं. मळमळ झाली की नाही, हे त्यांना नंतर आठवेनासुद्धा.

नदीच्या वळणावरूनच पिवळी यंत्रं दिसली. तीन होती, तोंडं जंगलाकडे केलेली. त्यांच्यासमोर वस्तीतली माणसं गप्प उभी होती, सर्वात पुढे म्हातारी. सात वाजायला दहा मिनिटं होती.

"थांबा! थांबा!" चिखलात पाय रुतवत, एक चप्पल मागेच टाकून फटाफटराव धावत सुटले. गुडघे काय म्हणत होते, ते गुडघ्यांनाच ठाऊक.

कंत्राटदाराच्या मुकादमाने आदेश हातात घेतला, दोनदा वाचला आणि खिशातला रुमाल काढून कपाळ पुसलं.

"सुटलो बाबा!" तो म्हणाला. "काल आत चालून बघितलं तेव्हाच घरं दिसली, पोरं दिसली. माझ्या ड्रायव्हरांपैकी एकाच्याही घशाखाली घास उतरला नाही. पण कागद होता ना हातात! आम्ही कुणाला विचारणार?" मग वळून मोठ्याने ओरडला, "चला रे, परत फिरा!"

ड्रायव्हरांनी जो जल्लोष केला, तो वस्तीतल्या लोकांच्या जल्लोषापेक्षा मोठा होता. म्हातारी मात्र नुसती खाली बसली. नात तिला बिलगली. फटाफटरावही शेजारीच चिखलात बसले, आणि मग कुणी आधी सुरुवात केली कोण जाणे, तिघंही पोट धरून हसत सुटली.

पुढच्या महिन्यात सुनावणी झाली, ती कचेरीत नव्हे, वस्तीत. मोठे साहेब स्वतः गेले. चौदा नंबरचा पट्टा तोडीच्या यादीतून वगळला गेला आणि झरा, डिंकाची झाडं, मधमाश्यांची पोळी यांची राखण वस्तीकडेच राहील, असं लेखी ठरलं. फटाफटरावांना ठपक्याचं पत्र मिळालं. नोकरी राहिली. ते पत्र त्यांनी कपाटात लपवलं नाही. नव्या मोजणीदारांना काम शिकवताना ते पत्र आधी त्यांना वाचायला देतात, मग म्हणतात, "चला, होडी लागलीय."

नागरिकहो, जंगल वाचवा असं आपण सगळेच म्हणतो. पण जंगल म्हणजे नुसती झाडं, आणि तिथली माणसं म्हणजे मधली अडचण, असं आपण नकळत धरून चालतो. खरं तर उलट आहे. ती झाडं उभी आहेत, कारण पिढ्यान् पिढ्या कुणीतरी तिसरी खाच द्यायचं टाळलं आहे. त्या माणसांबद्दल काही ठरवायचं असेल, तर आधी त्यांच्या दारापर्यंत चालत जा, त्यांना विचारा, त्यांचं ऐका. आपण सकाळी उठून नळ सोडतो आणि स्वच्छ पाणी येतं, त्या वेळी दूर कुठेतरी कुणाच्या तरी घराची पाळी असते.