उजव्या पुडीची शाई

सटवाजीने परातीत कणीक मळायला घेतली आणि बालाजी चपला न काढताच घरात आला.

सप्त्यातलं संध्याकाळचं कीर्तन उभं राहायला अजून अवकाश होता. मृदंगाच्या डाव्या पुडीला ओल्या कणकेचा थर लावावा, तेव्हा कुठं तिच्यातून तो पोटातला खर्ज निघतो. ही कणीक सटवाजी घरूनच मळून न्यायचा. वडील, आबा, गेल्यापासून देवळातली साथ त्याच्याकडं होती.

"खुंटीवरचा काढ," बालाजी म्हणाला. धाकटा सख्खा भाऊ. पण दादा म्हणणं त्यानं आबांच्या तेराव्याला सोडलं ते सोडलंच.

"पाणी तरी घ्या भावजी," विठाबाई नवऱ्याकडं बघत तांब्या घेऊन पुढं आली.

"ह्या घरात बापाला पाणी मिळालं का, ते बघायलाच आलोय."

खुंटीवर लाल फडक्यात आबांचा मृदंग होता. उदगीरच्या मडिवाळप्पानं मढवलेला. उजव्या पुडीवरची काळी शाई लोखंडाच्या किसाची करतात. मडिवाळप्पानं त्यात किनवटच्या डोंगरात सापडलेला काळखडा कुटून घातला होता. तसला खडा पुन्हा कुणाला गावला नाही. त्या शाईवर थाप मारताना मनात जी घटका धरावी, ती घुमारा टिकेल तोवर घरात परत यायची, सगळ्यांना दिसायची, ऐकू यायची. मात्र दर थापेला शाई झडायची. आई गेल्यावर आबांनी थाप मारली होती, तेव्हा चुलीपुढं बसलेली आई मागं वळून हसली होती, "सटवा, भाकर करपली रे!" आता शाई नखाएवढी उरली होती. एका थापेपुरती. ती सटवाजीनं आईसाठी राखली होती. किती वेळा हात खुंटीपर्यंत जायचा आणि परत यायचा.

"आबांनी जाताना माझं नाव घेतलं," बालाजी म्हणाला. "हाव का न्हाई?"

सटवाजी कणीक मळत राहिला.

"घेतलं," बालाजीनंच उत्तर दिलं. "अन् तू फोन केला न्हाईस. लातूरलाच तर व्हतो मी, काय काशीला? आज थाप मी मारतो. आबा गेले ती दुपार धरतो मनात. दार उघडं ठेव, गावाला बी ऐकू दे."

"वरातीत बँजो पार्टीत वाजवून हात जड झालाय तुझा. पुडी फुटंल."

"तुझं भांडं आधी फुटंल!"

"भावजी, आसं नका..." विठाबाई बोलू लागली. सटवाजीनं तिच्याकडं नुसतं बघितलं.

त्यानं मृदंग काढला, मांडीवर घेतला, फडकं सोडलं. "उतरलाय," तो म्हणाला, "सुरात घेऊ दे." हातोडीनं वादीखालचे लाकडी गठ्ठे ठोकले. मग परातीतली ओली कणीक चिमटीत घेतली, उजव्या पुडीवर थापली आणि अंगठ्यानं दाबून चोळली. मनगटावरून शाईचं काळं पाणी ओघळलं.

बालाजीला क्षणभर उमगलंच नाही.

"आरं... उजवी हाय ती! उजवीला कणीक?"

"चुकलं."

"चुकलं? आंधळा भजनी बी चुकत न्हाई ह्यात!" त्यानं मृदंग हिसकावला, डोळे मिटले आणि थाप मारली. ओल्या पोत्यावर काठी पडावी तसा आवाज झाला. आबांच्या खाटेची जागा रिकामीच राहिली.

"खाल्लंस," बालाजी म्हणाला. "बापाचं शेवटचं बोलणं खाल्लंस. तोंड काळं केलंस सोत्ताचं." मग तेच त्यानं दारात उभं राहून साऱ्या गल्लीला ऐकवलं आणि निघून गेला.

विठाबाईनं तांब्या खाली ठेवला. "सांगून मोकळं व्हायचं की वो."

"काय सांगू?"

आबा गेले त्या दुपारी त्यांच्या उशाशी विठाबाईही होती. बालाजीला बोलावू का म्हणून सटवाजी फोन धरून उभा होता, आणि आबांनी भिंतीकडं मान फिरवली होती. 'वरातीत नासलेला हात हाय त्याचा. त्या हातचं पाणी माझ्या तोंडात नको. कळवलंस तर तुझं बी नको.'

"आईची थाप व्हती ती," ती हळूच म्हणाली.

सटवाजीनं हात धुतले. डब्यातलं पीठ काढून दुसरी कणीक मळली, ओल्या फडक्यात गुंडाळून तिच्या हातात दिली.

"देवळात दे. मला बरं न्हाई म्हणावं. बालाजीला बसवा म्हणावं साथीला."

"त्यांनी इचारलं तर?"

"माझं नाव घिऊ नको."

दिवे लागले. भोंग्यातून टाळ ऐकू आले, मग मृदंग. आधी नुसता संताप होता त्यात, ठोकाठोक. नमन संपलं, अभंग सुरू झाला, तसा डाव्या पुडीचा खर्ज भरत गेला आणि हात सावकाश ठेक्यावर बसला. देवळातून परतलेली विठाबाई दारातच थांबली.

सटवाजी उंबऱ्याला टेकून बसला होता. त्याची बोटं गुडघ्यावर चालत होती.

"ऐक," तो म्हणाला. "हात आबांचाच हाय."