राजाचा श्वास

थडग्याच्या तळाशी ठेवलेली कोंबडी मेली तेव्हा जमलेल्या दीडशे माणसांनी छातीवर क्रूस काढला आणि बाहेर काढताच ती पंख फडफडवत उठली तेव्हा त्यांतली निम्मी गुडघ्यांवर बसली.

"पाहिलंत?" थडग्याच्या पायऱ्यांवर उभ्या माएस्त्रोनं तिला डोक्यावर धरलं. "अडीच हजार वर्षं झोपलेल्या एत्रुस्कन राजाचा हा श्वास! आधी तो प्राण काढून घेतो, धुऊन स्वच्छ करतो आणि मगच परत देतो!"

धुवायला प्राण म्हणजे काय मळके मोजे? पण विचारणार कोण? अंगात पांढरा झगा, हातात वाकड्या टोकाची काठी आणि आवाज तर थेट प्रवचनकाराचा. हा माएस्त्रो, म्हणजे गुरू, मूळचा ग्वाल्तिएरो. परवापरवापर्यंत इटलीतल्या वितेर्बोच्या बाजारात गाद्या विकत होता. आता एकदम गेल्या जन्मीचा एत्रुस्कन, म्हणजे रोमनांच्याही आधीच्या लोकांचा, पुरोहित झाला होता. रोक्कासेल्वा गावाखालच्या टेकडीत खडक कोरून केलेली अशी थडगी पंचवीस तरी असतील. त्यानं नेमकं हेच निवडलं होतं.

ते का निवडलं हे गर्दीत एकट्या नाझ्झारेनोला ठाऊक होतं. सत्तरीचा हा म्हातारा ऑलिव्हची झाडं छाटून जगत होता. कोंबडीनंतर पाळी त्याच्या नातीची होती. सात वर्षांची मिरेल्ला दम्यानं बेजार होती.

"लोरेदाना, पोरीला खाली नेऊ नकोस," तो सुनेला म्हणाला.

"बाबा, पुन्हा सुरू नका करू. तीन वर्षं तो दम्याचा फवारा मारतेय मी. पोरीला जिना चढता येत नाही."

"अगं, ती जागा वाईट आहे."

"ते तुम्हीच सांगत आलात ना सगळ्या गावाला! सेत्तिमिओकाकांना राजाच्या शापानं नेलं म्हणून. मग जो राजा मारू शकतो, तो बरं का नाही करू शकत?"

सुनेचा तर्क चोख होता, पायाच खोटा होता, आणि तो पाया त्यानं स्वतःच्या हातांनी रचला होता.

"लेकराला आणा!" माएस्त्रो गरजला. "राजाच्या दगडी शय्येवर निजवा. आवे मारियाची प्रार्थना तीनदा म्हणून होईपर्यंत कुणी हात लावायचा नाही!"

ती शय्या जेमतेम वीतभर उंच होती. लोरेदाना मुलीला घेऊन निघाली. जाता जाता मिरेल्लानं आजोबांची बाही धरली.

"आजोबा, कोंबडीला दुखलं असेल का हो?"

त्या एका प्रश्नानं म्हातारा हलला. गर्दी रेटत तो पुढे गेला आणि थडग्याच्या दारात आडवा उभा राहिला.

"अश्रद्धानं हा उंबरठा ओलांडला," माएस्त्रो किंचाळला, "तर त्याचं—"

"चाळीस वर्षांपूर्वीच ओलांडलाय मी. ती काठी दे इकडे."

काठी त्यानं हिसकावलीच. दाराशी ठेवलेली फुलांची बादली उपडी केली, तिची कडी काठीच्या वाकड्या टोकात अडकवली आणि दारात ताठ उभं राहून बादली आत सोडली. जमिनीवरून खरवडत फिरवली आणि हळूहळू वर घेतली. बादली रिकामी होती. काठी मात्र पहिल्यांदाच काही कामाला आली.

पायरीवर, भर उन्हात, एक मेणबत्ती जळत होती. नाझ्झारेनोनं रिकामी बादली तिच्यावर ओतली. ज्योत विझली. त्यानं ती पुन्हा पेटवली, पुन्हा बादली भरून आणली, पुन्हा ओतली. पुन्हा विझली.

"ही हवा आहे," तो म्हणाला. "आपल्या ज्वालामुखीच्या जमिनीतून झिरपते. नेहमीच्या हवेपेक्षा जड, म्हणून पाण्यासारखी तळाशी साठते. ना दिसते, ना वास येतो. उभा राहील तो वाचेल, आडवा होईल तो मरेल. कोंबडी लगेच बाहेर काढली म्हणून उठली. तीन आवे मारियांनंतर उठली नसती."

"तुम्हाला कसं माहीत?" लोरेदानाचा आवाज फाटला.

"मी आणि सेत्तिमिओ, आम्ही थडगी फोडायचो. चोर होतो, चोर! इथं तो मडकं उचलायला वाकला. मशाल माझ्या हातात होती, म्हणून मी उभा होतो. त्याला बघायला मशाल खाली नेली, तर तीही विझली. ओढून बाहेर काढेपर्यंत माझा भाऊ गेला. मग तुरुंगाच्या भीतीनं मी शापाची थाप मारली." म्हातारा रडत होता आणि त्याला त्याची लाज वाटत नव्हती.

"राजा कोपलाय!" माएस्त्रोनं शेवटचा प्रयत्न केला.

"मग तूच नीज. राजा तुझ्या ओळखीचा. आवे मारिया मी म्हणतो."

"हो, निजा की माएस्त्रो!" मागून पावाची भट्टी चालवणारी एर्सिलिया ओरडली. "गादी हवी तर घरून आणते!"

"माझी... पाठ धरलीय," माएस्त्रो म्हणाला. गर्दी खो खो हसली आणि त्या हशातच त्याचं पौरोहित्य संपलं. झगा सावरत तो उतारानं पळाला.

लोरेदाना हसली नाही. मुलीला एर्सिलियाकडे देऊन तिनं मेणबत्ती पुन्हा पेटवली आणि ती घेऊन दारापाशी गेली. ज्योत छातीपाशी धरली, जळत राहिली. हात लांब करून गुडघ्याखाली नेली, विझली. पुन्हा पेटवून असं तिनं तीनदा केलं. तिनं माएस्त्रोचं मानलं नाही आणि सासऱ्याचंही मानलं नाही. स्वतः तपासलं. चमत्कार दाखवणारा कितीही मोठा असो, इतकं आपल्यालाही करता येईल. मेणबत्ती खाली धरून बघायची आणि बुवाला म्हणायचं, आधी तुम्ही निजा. ज्याचं खरं असेल तो आनंदानं निजेल.

ती परत आली तेव्हा तिचा चेहरा पांढराफटक होता.

"चाळीस वर्षं तुम्हाला हे माहीत होतं?"

"हो. शाप मी पेरला, पोरी. त्या माएस्त्रोनं नुसता कापला."

लोरेदानानं मुलीला छातीशी धरलं.

"उद्या मिरेल्लाला घेऊन डॉक्टरांकडे जायचंय," ती म्हणाली. "तुम्हीही चला. वाटेत पोलीस चौकी लागते. तिथं हे सगळं पुन्हा सांगा, म्हणजे या दाराला कुलूप तरी लागेल."

"सांगतो," नाझ्झारेनो म्हणाला, आणि त्यानं नातीचा हात धरला.