टिल्लूचं आहे, हात लावू नये

दचकू नका, मी बोलतोय. मी म्हणजे संगणकाच्या पोटात मांडून ठेवलेला एक डाव. तुम्ही ज्याला सेव्ह केलेला गेम म्हणता, तोच. तुम्ही आमच्यासारख्यांना खूप वेळा पाहिलं असेल, पण घाईत. यादी उघडायची, खाली-वर बघायचं, हवा तो डाव दिसला की दाबून मोकळं व्हायचं. यादीत उरलेल्यांची चौकशी करायला कोणाला सवड आहे?

माझा जन्म एका दुपारी झाला. घरची लेक रुग्णालयात नर्स होती. उंचीने थोरल्या भावापेक्षा बोटभर जास्तच, तरी लहानपणी चिकटलेलं टिल्लू हे नाव काही सुटलं नव्हतं. रात्रपाळी करून यायची, झोप काढायची आणि उठल्यावर चहाचा कप घेऊन राज्याचा गेम खेळत बसायची. गावं वसवायची, धान्य पिकवायचं, सैन्य उभं करायचं आणि शेजारच्या राजांना धूळ चारायची. एकदा आपली पाळी, एकदा संगणकाची. त्या दुपारी लढाई ऐन रंगात आली आणि तिची कामावर जायची वेळ झाली, रुग्णालय लांब असल्याने ती उन्हं कलतानाच निघायची. तिने 'सेव्ह' दाबलं. गेमने नाव विचारलं. तिने 'घर' असं लिहिलं, तेही इंग्रजी अक्षरांत, कारण त्या जुन्या गेमला दुसरी अक्षरं कळतच नव्हती.

माझी सावत्र भावंडंही होती, त्यांना ऑटोसेव्ह म्हणतात. गेम त्यांना आपणहून जन्माला घालतो आणि थोड्या वेळाने त्यांच्यावरच पुढचं लिहून टाकतो. बिचाऱ्यांना कालचं काही आठवत नाही. मला मात्र माणसाने नाव देऊन ठेवलं होतं, त्यामुळे मी जरा तोऱ्यात असे.

टिल्लूचा कारभार म्हणजे उचलली तलवार की निघाली. सैनिकांच्या पोटात काय आहे, याची तिला फिकीर नसे. माझी निम्मी फौज वाटेतच उपाशी मरायची. असा डाव फार दिवस टिकत नाही, हे मला दिसत होतं.

त्याच सुमाराला भावाचं, म्हणजे दादाचं लग्न झालं आणि वहिनी घरात आली. टिल्लूची खोली नव्या जोडप्याला मिळाली, टिल्लूचं अंथरूण आणि संगणक दोन्ही बाहेरच्या खोलीत आले. टिल्लू मनातून फार खट्टू झाली. वहिनी दातांच्या कवळ्या बनवणाऱ्या प्रयोगशाळेत कामाला होती. दिवसभर मान खाली घालून मेणात एकेक दात बसवायचा, केसभर तिरका झाला की काढून पुन्हा बसवायचा, असं तिचं काम. घरातही तोलूनमापून बोलायची. नणंद-भावजयीत भांडण नव्हतं. भांडायला आधी बोलावं लागतं, आणि या दोघी 'पाणी तापलंय' आणि 'कुलूप लावलंय' यापलीकडे बोलतच नव्हत्या.

एके दिवशी टिल्लू कामावर गेली आणि चुकून गेम उघडाच राहिला. संध्याकाळी वहिनी येऊन खुर्चीत बसली. बराच वेळ नुसती बघत राहिली. मग तिने एकाही सैनिकाला हात न लावता नदीकाठी धान्याची कोठारं बांधली, एका गावाभोवती भिंत घातली, मला सेव्ह केलं आणि उठून गेली.

दुसऱ्या दिवशी टिल्लूने मला लोड केलं आणि तिच्या कपाळावर आठ्या चढल्या. माझ्या डावाला कोणी हात लावला, म्हणून ती दादावर डाफरली. दादाने कानावर हात ठेवले. ती परत येऊन बसली, तेव्हा तिला दिसलं की तिची फौज पोटभर जेवून उभी आहे. तिने ओठ मुडपले आणि त्याच फौजेच्या जोरावर डोंगरापलीकडचा एक किल्ला घेतला. कोठारांना मात्र तिने धक्का लावला नाही. संध्याकाळी वहिनीने तो किल्ला बघितला, आणि या घरात आल्यापासून मी तिला पहिल्यांदा गालात हसताना पाहिलं.

तेव्हापासून माझा संसार दोघींचा झाला. दुपारी टिल्लू, संध्याकाळी वहिनी. एकीने पाळी खेळायची, सेव्ह करायचं, दुसरीने तिथून उचलायचं. कधी ठरवलं नाही, कधी बोलल्या नाहीत. एकदा टिल्लूने आततायीपणाने दलदलीत फौज घातली आणि सगळी गमावली. जुना ऑटोसेव्ह लोड करून मागे जाता आलं असतं. पण दोघींच्याही लेखी तो रडीचा डाव. वहिनीने संध्याकाळी मुकाट्याने एका गावात नवे सैनिक तयार करायला घेतले. दुसऱ्या दिवशी टिल्लू ते बघून हळवी झाली आणि स्वयंपाकघरात जाऊन तिने वहिनीच्या वाटणीची भांडी घासून टाकली. का घासली, हे वहिनीला बरोबर कळलं. त्या घरात मी होतो म्हणून दोघींचं बोलणं होत होतं, हे मी फुशारकी न मारता सांगतो.

मग टिल्लूला दूरच्या शहरातल्या मोठ्या रुग्णालयात नोकरी लागली. तेव्हा डाव जिंकल्यातच जमा होता. शेवटच्या राजाच्या वेशीशी टिल्लूची फौज येऊन ठेपली होती, एक धक्का दिला की खेळ खलास. जायच्या दिवशी दुपारी, सामान अर्धं बांधलेलं असताना, ती मला उघडून बसली. मला वाटलं, आता माझे दिवस भरले. पण तिने फौजेचं तोंड फिरवलं. सगळेच्या सगळे सैनिक तिने परत आणले आणि वहिनीच्या त्या नदीकाठच्या कोठारांच्या गावात उभे केले. मग त्या गावाचं नाव खोडलं आणि इंग्रजी अक्षरांत नवं नाव लिहिलं, 'वहिनीचं गाव'. मला सेव्ह केलं आणि डोळे पुसून उरलेली बॅग भरायला गेली. 'वहिनी, मला तुझ्याशिवाय करमणार नाही,' हे तिला तोंडाने म्हणायचं होतं. ते जमलं नाही, म्हणून ते ती माझ्या पोटात ठेवून गेली. वहिनी आज ना उद्या मला उघडेल आणि वाचेल, याची तिला खात्री होती.

वहिनीने मला उघडलंच नाही. तिला वाटलं, सामान बांधायच्या गडबडीत टिल्लूला खेळायला कुठून सवड मिळाली असणार! वेशीवर फौज तिची, जिंकायची पाळी तिची. ती सुट्टीला येईल, तेव्हा आपल्या हाताने जिंकेल. तोवर आपण हात लावायचा नाही.

आता खुर्ची रिकामी झाली, तशी दादाला राज्य करायची हौस आली. दादा मनाने भला, पण सेव्ह करताना समोर दिसेल त्या ओळीवर बोट ठेवायचा. 'यावरच लिहायचं का?' असं गेम विचारायचा, आणि हा न वाचताच 'हो' म्हणायचा. एका संध्याकाळी त्याचं बोट माझ्यावर आलं. वहिनी मागे उभी होती, तिने त्याचा हातच धरला.

"अहो थांबा. ते टिल्लूचं आहे."

"अगं, गेम आहे तो. सातबाऱ्याचा उतारा असल्यासारखं काय करतेस?" दादा हसत म्हणाला, पण त्याने हात मागे घेतला.

वहिनीला चैन पडेना. तिच्या कामावर प्रत्येक कवळीच्या डबीवर माणसाचं नाव ठळक मराठीत चिकटवायची पद्धत होती. नाव नीट नसलं की एकाची कवळी दुसऱ्याच्या तोंडात जाते, हे तिने डोळ्यांनी पाहिलं होतं. दादा उठल्यावर तिने गेम बंद केला, ज्या फोल्डरमध्ये आम्ही सगळे डाव राहतो ते शोधून काढलं आणि माझं 'घर' हे नाव पुसून मराठीत लिहिलं, 'टिल्लूचं आहे, हात लावू नये'. मग समाधानाने दिवा लावायला उठली.

आणि मी दिसेनासा झालो. मी होतो तिथेच होतो, अंगावरचा केसही वाकडा झाला नव्हता. पण गेमला मराठी वाचता येत नव्हतं. यादी उघडली की तो मला वगळून पुढे जायचा. दादाला वाटलं, बायकोने तो डाव कुठेतरी जपून ठेवला असेल. वहिनीला काहीच वाटलं नाही, कारण तिने गेम पुन्हा उघडलाच नाही. शब्दाची पक्की. स्वतःच लिहिलेली पाटी तिने स्वतःही पाळली.

टिल्लू पहिल्या सुट्टीला आली, तेव्हा वहिनी कामावर होती. टिल्लूने पायातल्या चपला काढल्या आणि आधी संगणक लावला. यादीत दादाचे डाव ओळीने बसले होते. ती खालपर्यंत गेली, वर आली, पुन्हा खाली गेली. मग तारखेप्रमाणे लावून बघितलं. मी इथे आहे, इथे आहे, असं मला ओरडावंसं वाटत होतं, पण लोड केल्याशिवाय मला तोंड नाही. ती पडद्याकडे बघत बसली आणि तिचा चेहरा उतरत गेला. वहिनीने ते गाव पाहिलं असेल, त्याचं नाव वाचलं असेल, आणि तरी पुसलं, एवढंच तिच्या मनाने घेतलं.

संध्याकाळी वहिनीने विचारलं, "बसली होतीस का खेळायला?"

"छे, आता कुठला वेळ मिळतो," टिल्लू म्हणाली.

"खरंय," वहिनी म्हणाली आणि आत गेली. इतके दिवस जपून ठेवलेलं तिला नकोच होतं तर, असं वाटून तिने ओट्यावरची घासलेली भांडी पुन्हा घासायला घेतली. दोघीही आपापल्या जागी दुखावल्या, आणि दोघींचं औषध माझ्या पोटात पडून होतं. यासारखी लाचारी नाही हो.

पुढच्या खेपांना टिल्लू यायची, दादाशी बोलायची, लवकर परत जायची. फोन दादाला करायची आणि 'वहिनी बरी आहे ना' असं त्यालाच विचारायची. खोल्या त्याच, माणसं तीच, पण घरात पुन्हा 'पाणी तापलंय' आणि 'कुलूप लावलंय' सुरू झालं. पाटीखाली मी धूळ खात राहिलो.

शेवटी संगणकच म्हातारा झाला. चालू केला की घरघर लागायची. दादाने नवा आणला आणि जुन्यातलं नव्यात न्यायला दुरुस्तीवाल्याला बोलावलं. योगायोगाने टिल्लू तेव्हा सुट्टीवर होती. दुरुस्तीवाला गप्पिष्ट, प्रत्येक फोल्डर उघडून मोठ्याने वाचायचा आणि न्यायचं का टाकायचं ते विचारायचा. फोटो न्यायचे ठरले, विजेची बिलं टाकायची ठरली. मग तो आमच्या फोल्डरपाशी आला.

"हे गेमचे दिसतात. आणि हे काय आहे? 'टिल्लूचं आहे, हात लावू नये.' न्यायचं का टाकायचं?"

टिल्लू भिंतीशी उभी होती, ती पुढे आली आणि तिने ती ओळ स्वतः वाचली.

"हे कोणी लिहिलं?"

"मी," वहिनी म्हणाली. "तू गेलीस तेव्हा. हे सगळ्यांवर आपलंच सेव्ह करत सुटले होते."

"मला यादीत दिसलं नाही, वहिनी. मला वाटलं, तू पुसलंस."

"मी कशाला पुसू? मला वाटलं, तुला आता नको झालंय."

दुरुस्तीवाल्याला आतलं काही ठाऊक नव्हतं. गेम जुना आहे, त्याला मराठी नाव चालत नाही, इंग्रजीत करा म्हणजे दिसेल, एवढं त्याने सांगितलं आणि दादाने त्याला चहाला आत नेलं. टिल्लूने माझं नाव पुन्हा 'घर' केलं. यादी उघडली. मी होतो. तिने मला लोड केलं आणि खुर्ची वहिनीला दिली.

नकाशा उलगडला. वहिनी वेशीवर फौज शोधत राहिली, ती तिथे नव्हती. मग तिला नदीकाठी गर्दी दिसली. तिने ते गाव पडद्यावर मोठं करून घेतलं आणि एकेक अक्षर लावत नाव वाचलं. वाचून झाल्यावर पुन्हा वाचलं. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, ते तिने पुसलंही नाही.

"तोंडाने सांगायचं होतंस गं."

"तोंडाने जमलं असतं तर इतकी वर्षं गेम कशाला खेळले असते?" टिल्लू म्हणाली आणि तिच्या खांद्यावर डोकं टेकून लहान मुलीसारखी रडली. दुरुस्तीवाला आतून डोकावला आणि काही बिघडलं का म्हणून घाबरला.

आता माझ्या दोन प्रती आहेत. एक या नव्या संगणकात, एक टिल्लूच्या लॅपटॉपवर. एकीची पाळी झाली की ती मला मेलने दुसरीकडे पाठवते. सुरुवातीला माझी मोठी धावपळ असायची. पण मेल पोचला की लगेच फोन येतो, मिळाला का म्हणून. मग कोणत्या आजोबांनी नवी कवळी रागाने फेकून दिली, कोणत्या रुग्णाने डॉक्टरलाच गोळी घ्यायला लावली, दादा हल्ली घोरतो किती, असं सुरू होतं ते थांबत नाही. पाळी राहून जाते. शेवटचा राजा अजून आपल्या किल्ल्यात सुखरूप आहे आणि फौज नदीकाठी बसून खातेय.

माझी तुमच्याकडे तक्रार नाही, एक विनंती आहे. जुने डाव साफ करायला बसाल, तेव्हा एकदा उघडून बघा आणि मग पुसा. कोणाचं काय आत राहिलंय, ते बाहेरून दिसत नाही.

आत्ता वहिनी खुर्चीत बसली आहे. यादी उघडली आहे, बोट माझ्यावर आलं आहे. तेवढ्यात फोन वाजला. तिने बोट उचललं, खुर्ची फिरवली आणि 'बोल गं' म्हणाली. आज काही माझी पाळी येत नाही. न येवो.